परदेशात रुजलेली पारंबी : तालुक्याच्या गावात स्पिन-ऑफ सिनेमांच्या तीन संध्याकाळी कशा आखाव्यात

गाजलेल्या सिनेमालिकेतून फुटलेली, पण दुसऱ्याच देशात घडणारी गोष्ट गावातल्या फिल्म क्लबात लावली, की पहिल्या वीस मिनिटांत मागच्या रांगेतून हमखास आवाज येतो : "हा कोण? ह्याचं आधी काय झालतं?" तिथून कुजबुज वाढते आणि सिनेमा हातचा जातो. दोष सिनेमाचा नसतो. मूळ मालिका न पाहिलेल्या माणसाला आत घेण्याची तयारी कमी पडलेली असते. लातूर, परभणी, अंबाजोगाई, उदगीर, सेलू, कोणत्याही गावी शंभरेक प्रेक्षकांसाठी असा तीन संध्याकाळींचा बेत नीट पार पाडायचा, तर पुढच्या गोष्टी सांभाळाव्या लागतात.

निवड

स्पिन-ऑफ म्हणजे मूळ गोष्टीतलं एखादं पात्र, एखादा नियम किंवा ते जगच उचलून उभी केलेली वेगळी गोष्ट. वडाची पारंबी फांदीवरून उतरते, जरा लांब मातीत शिरते आणि पुढे स्वतःचं खोड धरते, तसं. गल्लत दोन ठिकाणी होते. 'सैराट' (२०१६) वरून कन्नडमध्ये 'मनसु मल्लिगे' (२०१७) झाला, हिंदीत 'धडक' (२०१८) झाला. हे रिमेक, कारण गोष्ट तीच, फक्त गाव आणि नावं बदलली. 'झिम्मा' (२०२१) मधल्या बायका सहलीला इंग्लंडला जातात. तिथे परदेश आहे, पण तो कोणत्या आधीच्या मालिकेचा फाटा नाही. उद्घाटनाला हे दोन दाखले दिले, की स्पिन-ऑफ म्हणजे काय ते सगळ्यांना पाच मिनिटांत कळतं. व्याख्या सांगत बसू नका.

परदेशी मातीत रुजलेले स्पिन-ऑफ साधारण तीन तऱ्हेचे असतात. एकात पात्र तेच राहतं, देश बदलतो. 'एक्स-मेन' ह्या महामानवांच्या सिनेमालिकेतला लोगन 'द वुल्व्हरिन' (२०१३) मध्ये जपानला जातो. 'बेबी' (२०१५) मध्ये नेपाळातल्या हॉटेलमधल्या मारामारीपुरती लक्षात राहिलेली शबाना 'नाम शबाना' (२०१७) मध्ये नायिका होते आणि गोष्ट मुंबईहून मलेशियाला पोचते. दुसऱ्या तऱ्हेत जग तेच, पण माणसं आणि देश दोन्ही नवे. 'हॅरी पॉटर'च्या, म्हणजे ब्रिटनमधल्या जादूगारांच्या, जगातून निघालेला 'फँटास्टिक बीस्ट्स अँड व्हेअर टू फाइंड देम' (२०१६) घडतो १९२६ सालच्या न्यूयॉर्कमध्ये. तिसरी तऱ्हा सगळ्यात रसाळ : मूळ मालिकेचा नियम घेऊन तिथल्याच माणसांनी आपल्या भाषेत केलेला सिनेमा. 'पॅरानॉर्मल अॅक्टिव्हिटी'चा जपानी फाटा 'टोकियो नाइट' (२०१०), 'बर्ड बॉक्स' (२०१८) चा स्पॅनिश फाटा 'बर्ड बॉक्स बार्सिलोना' (२०२३) ही त्याची उदाहरणं. 'सिटाडेल' ह्या अमेरिकी मालिकेच्या २०२४ मध्ये दोन शाखा आल्या, इटलीतली 'डायना' आणि भारतातली 'हनी बनी'. त्या मालिकेच्या हिशेबाने परदेश म्हणजे आपणच.

पहिल्या संध्याकाळी 'नाम शबाना' लावा. हिंदी असल्यामुळे भाषेची अडचण नाही, आणि दुय्यम पात्र उचलून नवी गोष्ट कशी रचतात हे त्यात ढळढळीत दिसतं. दुसऱ्या दिवशी 'द वुल्व्हरिन', तिसऱ्या दिवशी 'फँटास्टिक बीस्ट्स'. उलटा क्रम लावला तर पहिल्याच दिवशी प्रेक्षकांवर नवे शब्द, नवं जग आणि इंग्रजी ह्यांचा भार एकदम पडतो, आणि दुसऱ्या दिवशी निम्म्या खुर्च्या रिकाम्या राहतात. तिसऱ्या तऱ्हेतले बरेच सिनेमे आणि मालिका फक्त ओटीटीवर आहेत. ते सार्वजनिक पडद्यावर आणता येत नाहीत. त्यांची यादी करून द्या, ज्याने त्याने घरी पाहावेत.

काळाचा गुंता : 'टोकियो ड्रिफ्ट'चं उदाहरण

प्रेक्षकांत कॉलेजची मुलं जास्त असतील, तर दुसऱ्या दिवशी मोटारशर्यतींच्या अमेरिकी सिनेमालिकेतला, टोकियोत घडणारा 'द फास्ट अँड द फ्युरियस : टोकियो ड्रिफ्ट' (२००६) लावायलाही हरकत नाही. १०४ मिनिटांचा आहे आणि त्याचा नायक शॉन मालिकेत तिथेच पहिल्यांदा येतो, म्हणून आधीचं काही माहीत नसलं तरी चालतं. मात्र ह्या सिनेमाची जागा नीट समजून घ्या. प्रदर्शित झाला तो तिसरा, पण गोष्टीच्या क्रमाने तो सहाव्या भागाच्या (२०१३) नंतर येतो. ह्यातला हान हे पात्र लोकांना इतकं भावलं, की चौथ्या, पाचव्या आणि सहाव्या भागात त्याला परत आणलं आणि त्यासाठी ते तिन्ही भाग टोकियोच्या आधी घडतात असं ठरवलं. त्यामुळे कोणी तरी मध्येच उठून विचारतो, की नंतरच्या काळातली गोष्ट असून पोरांच्या हातात घडीचे जुने मोबाइल कसे. उत्तर साधं आहे : शूटिंग झालं तेव्हाचं जग २००६ चं होतं, काळाची जुळवाजुळव मागाहून झाली.

एकटाच सिनेमा दाखवणार असाल तर गोष्टीच्या काळाचा क्रम विसरा. प्रदर्शनाचा क्रमच धरावा, कारण लिहिणाऱ्याने प्रेक्षकाला तेव्हा काय माहीत आहे हे धरूनच धक्के पेरलेले असतात. फक्त शेवटच्या प्रसंगात जो माणूस गाडी घेऊन येतो तो पहिल्या भागाचा नायक डॉमिनिक टोरेटो, हे आधी सांगा. तो कोण हे माहीत नसेल, तर तो प्रसंग कोरडा जातो.

हातात द्यायचा कागद

सगळ्या खटाटोपात सर्वांत जास्त फळ देणारी गोष्ट हीच. ए-फोर कागद अर्धा कापून त्यावर मराठीत माहिती. शंभर प्रेक्षकांना पन्नास कागद पुरतात. अक्षर चौदा पॉइंटपेक्षा लहान नको. गोष्टीचा शेवट, खलनायकाचं खरं रूप, कोण मरतं, यांतलं काही लिहायचं नाही. सिनेमा सुरू होतो त्या क्षणाच्या आधीचं तेवढंच लिहायचं. 'द वुल्व्हरिन'साठी कागद असा होतो :

"लोगन : ह्याच्या जखमा आपोआप भरतात, म्हातारपण येत नाही. मुठीतून धातूची नखं निघतात.
जीन : लोगनचं हिच्यावर प्रेम होतं. आधीच्या सिनेमात लोकांना वाचवण्यासाठी त्याला तिला मारावं लागलं. आता ती फक्त त्याच्या स्वप्नात येते.
सुरुवात : नागासाकी, ९ ऑगस्ट १९४५. लोगन यशिदा नावाच्या एका जपानी सैनिकाला वाचवतो.
आजचा काळ : म्हातारा यशिदा अंथरुणाला खिळलाय. निरोप घ्यायला तो लोगनला टोकियोला बोलावतो.
नावं : मारिको ही यशिदाची नात, शिंगेन तिचे वडील. लोगनला न्यायला येणारी तलवारबाज पोरगी युकिओ."

एवढंच. यात 'जीन'ची ओळ सर्वांत महत्त्वाची, कारण ती गाळली तर रात्री लोगनच्या शेजारी दिसणारी बाई कोण, ह्यावर प्रेक्षक अर्धा तास अडकतात. परदेशी नावं एकदा देवनागरीत डोळ्यांखालून गेली, की कानाला लगेच ओळखू येतात. दिवे मालवण्याआधी कागद मोठ्याने वाचून दाखवा. चष्मा घरी विसरलेली माणसं प्रत्येक कार्यक्रमात असतात.

त्याच कागदाच्या तळाशी लिहा : "नावं सुरू झाल्यावर उठू नका." 'द वुल्व्हरिन'मध्ये श्रेयनामावली सुरू झाल्यावर विमानतळावरचा एक प्रसंग आहे आणि मालिकेचा पुढचा धागा तिथेच जोडलेला आहे. ट्यूबलाइटच्या बटणापाशी जो बसणार त्याला हे वेगळं सांगा.

मध्यंतराची जागाही आधीच ठरवावी. हॉलिवूडच्या सिनेमात ती दिलेली नसते, आणि चहावाला आला म्हणून भर मारामारीत थांबवलं तर रंगाचा बेरंग होतो. 'द वुल्व्हरिन' १२६ मिनिटांचा. लोगन आणि मारिको नागासाकीतल्या घरी पोचतात तिथे गोष्ट श्वास घेते, तिथे थांबा. 'फँटास्टिक बीस्ट्स' १३३ मिनिटांचा आहे, तोही एकदा पाहून अशीच शांत जागा हेरून ठेवा. दहा मिनिटांपेक्षा जास्त मध्यंतर नको.

डबिंग की सबटायटल

मराठवाड्यात हिंदी आणि दखनी कानाच्या सवयीची, त्यामुळे हिंदी डबिंगला इथे कोणी नाक मुरडत नाही. मारधाडीच्या सिनेमाला ते चालून जातं. पण गोष्टीचा जीवच भाषेत असेल तर डबिंगने तो जातो. 'बर्ड बॉक्स बार्सिलोना'त पळणाऱ्या माणसांच्या घोळक्यात स्पॅनिश बोलणारे आहेत, इंग्रजी बोलणारी डॉक्टर आहे आणि फक्त जर्मन कळणारी एक लहान मुलगी आहे. तिचं बोलणं सगळ्यांना समजत नाही, हाच तिच्या एकटेपणाचा भाग. सगळे हिंदीत बोलू लागले की तो भागच उरत नाही. 'फँटास्टिक बीस्ट्स'मध्ये जादू न येणाऱ्या माणसाला ब्रिटिश जादूगार 'मगल' म्हणतो आणि अमेरिकी 'नो-मॅज'. हिंगोलीचा माणूस कोल्हापुरात गेल्यावर एकाच वस्तूला दोन नावं निघतात, तसंच ते. हा फरक ऐकू यावा म्हणून हा सिनेमा मूळ आवाजात दाखवा.

मराठी सबटायटल करणार असाल, तर भाषांतराचा हक्कही हक्कधारकाचाच असतो, तेव्हा परवानगीच्या पत्रात त्याचा वेगळा उल्लेख करा. करताना एका वेळी दोनच ओळी, एका ओळीत पस्तीस-चाळीस अक्षरं, आणि भरल्या दोन ओळींना निदान चार सेकंद. बोललेला शब्द न् शब्द उतरवायचा हट्ट धरलात तर वाचता वाचता चित्र निसटतं. फाइल यूटीएफ-८ (अक्षरं साठवण्याची एक पद्धत) मध्येच साठवा, नाही तर पडद्यावर प्रश्नचिन्हं आणि चौकोन येतात. टीव्हीच्या किंवा प्रोजेक्टरच्या आतल्या प्लेअरवर बऱ्याचदा जोडाक्षरं फुटतात, वेलांट्या भलतीकडे बसतात. म्हणून लॅपटॉपवरून व्हीएलसी ह्या प्लेअरमध्ये चालवा आणि 'क्ष', 'ज्ञ', 'र्‍या' असलेलं एक वाक्य आधी पडद्यावर तपासा.

सबटायटल मागेपुढे होण्याची कारणं दोन, आणि उपाय वेगवेगळे. सुरुवातीपासून शेवटपर्यंत सारखाच फरक असेल तर व्हीएलसीत 'जी' आणि 'एच' ही बटणं दाबून दर वेळी ५० मिलिसेकंदांनी सरकवता येतं. पण सुरुवातीला बरोबर आणि पुढे पुढे फरक वाढत चालला, तर चित्राचा वेग आणि सबटायटलचा वेग जुळत नाही : एक सेकंदाला २३.९७६ चौकटींचं, दुसरं २५ चं. तासाभरात अडीच मिनिटांचा फरक पडतो. तिथे बटणं दाबत बसून भागत नाही, सबटायटल एडिटरमध्ये फ्रेम रेट (चौकटींचा वेग) बदलूनच फाइल नव्याने साठवावी लागते. म्हणून तपासताना सिनेमाचं पहिलं, मधलं आणि शेवटचं वाक्य अशी तीन ठिकाणं बघा.

परवानगी

ओटीटीची वर्गणी घरच्या वापरापुरती असते. डिस्क विकत घेतली तरी ती चारचौघांत दाखवायचा हक्क मिळत नाही. प्रवेश फुकट ठेवला म्हणूनही सुटका होत नाही. हक्कधारकाला किंवा त्याच्या भारतातल्या वितरकाला निदान दोन महिने आधी पत्र लिहा : सिनेमाचं नाव, तारीख, सभागृह, प्रेक्षकसंख्या, तिकीट आहे की नाही, कोणत्या माध्यमातून दाखवणार, सबटायटल कोणते. उत्तर आलं नाही म्हणजे होकार मिळाला असं नव्हे. तो सिनेमा सोडून पुढचा धरा, आणि त्यासाठी यादीत नेहमी दोन सिनेमे जास्तीचे ठेवा.

शिक्षणसंस्थेसाठी प्रताधिकार कायदा, १९५७ च्या कलम ५२ मध्ये सवलत आहे : संस्थेच्या शैक्षणिक कामाचा भाग म्हणून सिनेमा दाखवला आणि प्रेक्षक फक्त विद्यार्थी, शिक्षक-कर्मचारी, पालक आणि संस्थेशी थेट संबंधित माणसं असली, तर. गावातल्या महाविद्यालयाचा इंग्रजी किंवा पत्रकारिता विभाग सोबत घेतला तर हा मार्ग सरळ पडतो. पण गावभर बॅनर लावून सगळ्यांना बोलावलंत, की ती सवलत राहत नाही. सेन्सॉरचं प्रमाणपत्रही पाहून घ्या. २०२४ पासून 'यूए'चे ७+, १३+ आणि १६+ असे भाग झाले आहेत, आणि 'ए' असेल तर अठराच्या आतल्यांना दारातूनच परत पाठवावं लागतं.

हॉल, पडदा आणि लाइट

बहुतेक गावांत जागा म्हणजे मंगल कार्यालय. तिथली जमीन सपाट, आणि सबटायटल तर पडद्याच्या तळाशी. पुढच्या माणसाच्या डोक्याने नेमकी तीच ओळ झाकली जाते. उपाय दोन, आणि दोन्ही एकदम करा : पडद्याची खालची कड जमिनीपासून साडेचार फूट उंच घ्या, आणि पुढच्या चार-पाच रांगा सतरंजीवर बसवून त्यामागे खुर्च्या मांडा. दहा फूट रुंद पडद्यावर १६:९ चं चित्र साडेपाच फुटांहून थोडं उंच होतं. म्हणजे छत निदान अकरा फूट हवं. मात्र 'द वुल्व्हरिन'सारखा रुंद चौकटीचा सिनेमा त्याच पडद्यावर जेमतेम सव्वाचार फूट उंच दिसतो. अशा वेळी पडद्याच्या मानाने माणसं फार मागे बसवू नका. अक्षराच्या उंचीचा ढोबळ हिशेब असा : दर दहा फुटांमागे एक इंच. शेवटची रांग चाळीस फुटांवर असेल तर अक्षर चार इंच हवं, आणि देवनागरीच्या मात्रा-वेलांट्यांसाठी त्याहून किंचित मोठं बरं.

प्रोजेक्टरचा उजेड मोजायचा तर सिनेमागृहाचं प्रमाण १४ ते १६ फूट-लँबर्ट (पडद्याच्या दर चौरस फुटामागच्या उजेडाचं माप) आहे. पडदा साधारण ५६ चौरस फुटांचा, म्हणजे प्रत्यक्ष पडद्यावर आठशे ते नऊशे लुमेन (एकूण उजेडाचं माप) पोचायला हवेत. भाड्याच्या प्रोजेक्टरचा दिवा जुना झालेला असतो आणि सिनेमाच्या रंगछटेत उजेड आणखी घटतो, म्हणून कागदावर २,५०० ते ३,००० लुमेन असलेलाच घ्या. त्याचा थ्रो रेशो (चित्राच्या रुंदीच्या कितीपट लांब तो ठेवायचा) १.५ असेल तर दहा फूट चित्रासाठी तो पंधरा फुटांवर येतो. म्हणजे प्रेक्षकांच्या मधोमध. तेवढी जागा आणि त्याच्या मागच्या दोन खुर्च्या मोकळ्या सोडा.

आवाजाची एक चूक जवळपास सगळीकडे होते. बंदुका कानठळ्या बसवतात आणि बोलणं ऐकूच येत नाही. लॅपटॉप ५.१ आवाज, म्हणजे सहा वेगळ्या चॅनेलांत वाटलेला, पाठवतो, त्यातलं बोलणं मधल्या चॅनेलवर असतं, आणि डेकोरेशनवाल्याने जोडलेले असतात फक्त डावा-उजवा असे दोन स्पीकर. मधलं चॅनेल हवेत विरतं. प्लेअरच्या सेटिंगमध्ये आवाज स्टिरिओ करा, सगळं बोलणं परत येतं. लग्नाच्या साउंड सिस्टिमचा बास अर्ध्यावर आणा. फरशीचा घुमा कमी करायला जास्तीच्या सतरंज्या आणि बाजूच्या भिंतींना जाड पडदे लावले तरी पुष्कळ फरक पडतो.

लाइट जाणार हे धरूनच चाला. प्रोजेक्टर ३०० वॅट, आवाज दीडशे, लॅपटॉप साठ. मिळून पाचशेच्या आसपास. १५० अँपिअर-अवरची चांगली बॅटरी असलेला इन्व्हर्टर हे ओझं दोनेक तास ओढतो, जुनी बॅटरी त्याच्या निम्मंही नाही. दिव्याचा प्रोजेक्टर एकदम बंद पडला तर पंखा थांबतो आणि तापलेला दिवा खराब होतो, म्हणून इन्व्हर्टर असला तरी प्रोजेक्टरसाठी छोटा यूपीएस वेगळा लावा. पंखा फिरून दिवा थंड होण्यापुरता वेळ तरी मिळतो. एप्रिल-मे टाळाच. पत्र्याच्या छताखाली संध्याकाळीही चाळिशीच्या घरात तापमान राहतं आणि बरेच प्रोजेक्टर पस्तीस ते चाळीस अंशांच्या वर स्वतःहून बंद पडतात. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ उत्तम : सातपर्यंत पुरता अंधार होतो, तेव्हा सुरू केलं तरी 'द वुल्व्हरिन'एवढा सिनेमा चर्चेसह दहाच्या आत संपतो, आणि रात्री दहानंतर उघड्यावर लाउडस्पीकरला बंदी असल्यामुळे तोवर संपवलेलंच बरं. कापूस-सोयाबीनच्या हंगामात धूळ फार असते. प्रोजेक्टरची जाळी रोज दुपारी ब्रशने साफ करा.

सिनेमा संपल्यावर

अर्धा तास गप्पांना ठेवा, पण "कसा वाटला?" असं विचारू नका. त्याला "छान" एवढंच उत्तर येतं. देश खरा वाटला तो कशामुळे, हे विचारा. पाटी, जेवण, नमस्काराची रीत, जोडे काढण्याची जागा, मोठ्यांपुढे बसण्याची पद्धत. मग शूटिंगची ठिकाणं सांगा : जपानमधला म्हणून पाहिलेला 'द वुल्व्हरिन'चा मोठा भाग ऑस्ट्रेलियात सिडनीला झाला आहे, आणि १९२६ चं न्यूयॉर्क इंग्लंडमधल्या लीव्हस्डन स्टुडिओत उभं केलं होतं. त्यानंतर 'हनी बनी' घरी बघायला सांगा. आपला देश दुसऱ्याच्या मालिकेत कसा बसवला आहे, हे पाहिलेल्या प्रेक्षकाला जपानचं चित्रणही वेगळ्या डोळ्यांनी दिसतं.

तिसऱ्या दिवशी चार-चार जणांचे गट करून एक काम द्या : 'बर्ड बॉक्स'चा नियम बीड जिल्ह्यातल्या एखाद्या गावात आणायचा. नियम असा, की बाहेर जे काही आहे ते डोळ्यांनी पाहिलं की माणूस स्वतःचा जीव घेतो. पिंजऱ्यातली पाखरं ते जवळ आल्याची चाहूल देतात. आता गोष्ट दिवाळीनंतरची ठेवा. ऊसतोडीच्या टोळ्या कारखान्यांकडे गेलेल्या, गावात म्हातारी माणसं आणि पोरं. डोळे बांधून आडावर पाणी शेंदायला कोण जाणार? चाहूल कोण देणार, कोंबड्या की बांधलेली जनावरं? तिकडे फडावरच्या आईबापांना निरोप कसा पोचणार? जे गट फक्त गावाचं नाव बदलतात, त्यांची गोष्ट दोन वाक्यांत संपते. ज्यांना आड, फड आणि टोळीतून नवा पेच सापडतो, त्यांना थांबवताना वेळ कमी पडतो, म्हणून ह्या कामाला शेवटचा पाऊण तास राखून ठेवा आणि तिसऱ्या दिवशीचा सिनेमा सहा वाजता, खिडक्यांना काळं कापड लावून सुरू करा.